मागच्या सीटवरच्या वहिनी

गाडीचं मागचं दार उघडायचं, आधी पर्स आत ठेवायची, मग स्वतः बसायचं, अबाया गुडघ्यावर सारखा करायचा आणि ड्रायव्हरला म्हणायचं, “यल्ला, हसनचाचा, चला.” वहिनींचा हा क्रम मला पाठ होता. गणपतीच्या जेवणाची यादी घेऊन मी त्यांच्याकडे गेले, त्या सकाळीही त्यांनी तो नीट पाळला होता. पाच मिनिटं झाली तरी गाडी हलेना, तेव्हा मी काचेवर टकटक केली.

“वहिनी, हसनचाचा परवाच गेले ना दापोलीला? कायमचे?”

“अगं हो की!” त्या म्हणाल्या. “मी आपली बसूनच राहिले.”

गाडी त्यांची स्वतःची होती, ड्रायव्हर मात्र कंपनीचा. त्यांचे यजमान सौदीतल्या दम्माममधल्या एका बांधकाम कंपनीत मोठे साहेब. कंपाउंडमध्ये, म्हणजे कंपनीच्या बंदिस्त वसाहतीत, व्हिला, पोहण्याचा तलाव, माळी, सगळं होतं. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. वाईट नसतात; त्यांच्यासाठी दार नेहमी दुसऱ्यानंच उघडलेलं असतं, एवढंच.

मग कंपनीची कामं थांबली. दर आठवड्याला कोणाचं तरी फायनल एक्झिट, म्हणजे कायमचं भारतात परत. निरोपाच्या जेवणांची यादीही माझ्याकडेच असायची, त्यामुळे कोण कधी गेलं ते मला आजही सांगता येईल. अशाच एका घरी सामान बांधायला आम्ही दोघी गेलो होतो. वहिनी खुर्चीत बसून म्हणाल्या, “क्लबमध्ये आता ताजा रस मिळत नाही गं, डब्यातला देतात. कठीण दिवस आलेत!”

त्या घरची बाई बिचारी नवऱ्याची नोकरी गेलेली, दोन मुलं आणि चौदा खोकी घेऊन परत निघालेली. चिकटपट्टी दातांनी तोडत ती म्हणाली, “हो ना वहिनी. डब्यातला म्हणजे फारच झालं.”

वहिनींनी सहानुभूतीनं मान हलवली. टोमणा त्यांच्यापर्यंत पोहोचलाच नाही.

“कठीण दिवस आलेत” हे त्यांचं पालुपदच होतं. फुलवाला जरबेराऐवजी शेवंती द्यायला लागला, कठीण दिवस. तलावाचं पाणी गार, कठीण दिवस.

पुढे यजमानांचीही नोकरी गेली. दुसरी मिळाली ती देशाच्या पार दुसऱ्या किनाऱ्यावर, राबिघला, आणि राहायला एकट्यापुरती खोली. लेक बारावीत, माझ्या मुलीच्याच वर्गात. मधेच शाळा बदलली तर वर्ष जाणार. म्हणून वहिनी लेकीला घेऊन दम्माममध्येच राहिल्या, आमच्याच इमारतीत, माझ्या वरच्या मजल्यावर, दोन खोल्यांत. कंपाउंड सुटलं तशी तिथली शाळेची बसही सुटली.

शाळेच्या गाड्यांची यादी माझी. नियम एकच: ज्या घरची मुलगी गाडीत बसेल, त्या घरानं आठवड्यातून एक दिवस गाडी काढायची.

“तुम्हाला सूट देते वहिनी,” मी म्हटलं.

“नको. मंगळवार दे. आणि एक महिना दे.”

बावन्नाव्या वर्षी त्या बायकांच्या ड्रायव्हिंग स्कूलमध्ये जायला लागल्या. पहिल्या परीक्षेत नापास झाल्या. खांबांच्या मधे गाडी लावायची होती. वहिनींनी ती थेट ऑफिसच्या पायरीला नेऊन लावली. का, तर हसनचाचा कुठंही गेलं तरी पायरीलाच लावायचे. परीक्षक सौदी पोरगी कपाळाला हात लावून म्हणाली, “खलास!” दुसऱ्या खेपेला पास झाल्या. त्या मंगळवारी सव्वासहाऐवजी सहालाच खाली हजर. आधी सवयीनं मागचं दार उघडलं, पर्स ठेवली, मग हसत पुढे आल्या. नंतरही प्रत्येक मंगळवारी पर्स मागेच.

बोर्डाच्या पहिल्या पेपरला गाडी काढायची पाळी माझी होती. पेपर आठला. सकाळी पाहते तर वाळूचं वादळ, बाहेर सगळं पिवळं, समोरची मशीद दिसेना. आणि माझ्या गाडीची बॅटरी उतरलेली. दुसऱ्या गाड्या आपापल्या मुली घेऊन पुढे निघून गेल्या होत्या. वहिनी आपल्या गाडीची किल्ली घेऊन खाली आल्या. मी शेजारी, दोन्ही पोरी मागे वह्या मिटून.

हायवेवर पुढच्या गाडीचे लाल दिवे तेवढे दिसत होते. वहिनी स्टिअरिंगला चिकटून बसल्या होत्या. थोड्या वेळानं पुटपुटणं ऐकू आलं. “सावकाश, हसनचाचा. घाई नाही. डावीकडे ट्रक आहे बघा. आता उजवीकडे घ्या... शाब्बास.”

मागून लेकीनं हळूच विचारलं, “मम्मा, हू आर यू टॉकिंग टू?” वहिनी म्हणाल्या, “ड्रायव्हरशी. तू वाच.”

आम्ही पोहोचलो तेव्हा आठला नऊ मिनिटं होती. पोरी धावत आत गेल्या. वहिनींनी बोटं एकेक करून स्टिअरिंगवरून सोडवली. तेव्हा माझ्या लक्षात आलं, की व्हिला सुटल्यापासून “कठीण दिवस” हे शब्द मी त्यांच्या तोंडून एकदाही ऐकले नव्हते.

निकाल चांगला लागला. लेकीला पुण्यात प्रवेश मिळाला आणि त्या दोघींचंही फायनल एक्झिट ठरलं. लेक बॅगांबरोबर मैत्रिणीच्या गाडीतून पुढे गेली. वहिनींना विमानतळावर मी सोडणार होते. त्यांनी माझ्या गाडीचं मागचं दार उघडलं, पर्स आत ठेवली आणि तशाच थबकल्या.

“अगंबाई! परत तेच. थांब, पुढे येते.”

“बसा मॅडम,” मी म्हटलं.

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मग बसल्या, अबाया गुडघ्यावर सारखा केला. मी आरसा जरा खाली वळवला. त्या डोळे पुसत होत्या, तरी आवाज पहिल्यासारखाच आला.

“यल्ला. आणि एसी जरा कमी करा.”

मी एसी कमी केला.