चाळीस जणांची कल्पकता

आर्वीच्या आमच्या अध्यापक विद्यालयाच्या भेटवहीत एका बाहेरच्या परीक्षकांनी १९९६ साली लिहून ठेवले आहे, की येथील विद्यार्थ्यांमध्ये कल्पकता उपजतच आहे. प्राचार्य प्रभाकररावांनी ते वाक्य दर्शनी फळ्यावर लिहवून घेतले. लिहवून घेतले ते शिपाई गुलाब ताकसांडे यांच्याकडून, कारण संस्थेत त्यांच्याइतके चांगले अक्षर कुणाचेच नव्हते. स्वतःची स्तुती इतक्या निर्विकारपणे फळ्यावर उतरवणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. वर्गातल्या चाळीस जणांची उपजत कल्पकता एकट्या गुलाबभाऊंची होती आणि परीक्षक सोडून हे सगळ्यांना ठाऊक होते.

गोष्ट अशी की, शिक्षक होऊ पाहणाऱ्या मुलामुलींना शैक्षणिक साधने स्वतःच्या हाताने करावी लागत. तक्ते, प्रतिकृती, एखादे चालते यंत्र. त्याला वीस गुण. बारावीपर्यंत पाठांतरावर आलेल्या या मंडळींनी कात्री बहुधा शिंप्याकडेच पाहिलेली असे. १९९१ साली एक मुलगी मागच्या व्हरांड्यात मोडकी पवनचक्की मांडीवर घेऊन रडत बसली होती. गुलाबभाऊ माठ भरायला चालले होते. त्यांनी घागर खाली ठेवली आणि कुंपणापलीकडून ज्वारीचे दोन धांडे उपटून आणले. लहानपणी आष्टीकडच्या गावात धांड्याची साल आणि आतले पांढरे भेंड जोडून बैलगाड्या करण्यात त्यांचा हात बसला होता. अर्ध्या तासात पवनचक्की फिरू लागली. मुलीला अठरा गुण मिळाले, आणि पुढच्या वर्षी व्हरांड्यात रांग लागली.

रांगेतल्या प्रत्येकाला गुलाबभाऊ एकच प्रश्न विचारीत, "टॉपिक काय?" टॉपिक कळला की हात चालू. सामान ज्याचे त्याने आणायचे, वर एक चहा पाजायचा. परीक्षा आटोपली की हीच साधने आवारामागे नेऊन जाळण्याचे कामही शिपाई म्हणून त्यांच्याकडेच होते. ते सगळीच जाळत नसत. एक ज्वालामुखी मी सलग चार वर्षे वेगवेगळ्या रंगांत तपासला आहे. मधल्या एका वर्षी तो सातपुडा पर्वत होता.

पण त्यांची खरी कला आणखी पुढची होती. सगळीच कामे सुबक झाली असती तर परीक्षकांना संशय आला असता, म्हणून गुलाबभाऊ माणूस पाहून काम करीत. हुशार मुलीची सूर्यमाला रेखीव होई, धांदरटाची शनीपाशी जरा कलती. स्वप्निल नावाचा एक विद्यार्थी कुठलेही काम शेवटच्या दिवसाआधी हाती घेत नसे. त्याच्या ज्वालामुखीवर ओल्या रंगातले बोटांचे ठसे होते. मी गुलाबभाऊंना विचारले तर म्हणाले, "सर, त्याच्या हातून तसाच झाला असता." मी त्या ज्वालामुखीला तेरा गुण दिले. ते बरोबरच होते, कारण गुलाबभाऊंनी तो तेरा गुणांचाच केला होता.

२००३ साली संस्थेने नागपूरच्या एका वक्त्याचे व्याख्यान ठेवले. विषय, स्वतःतली सर्जनशीलता जागवणे. वक्त्यांनी आधी खिडक्या बंद करायला लावल्या आणि मग सर्वांना डोळे. खिडक्या गुलाबभाऊंनी बंद केल्या. डोळे मात्र त्यांना उघडे ठेवावे लागले, कारण वक्त्यांना दर दहा मिनिटांनी पाणी लागत होते. माणूस आपल्या क्षमतेचा जेमतेम दहावा हिस्सा वापरतो आणि उरलेले नऊ हिस्से तसेच ठेवून जगातून निघून जातो, असे वक्ते म्हणाले. मुलांनी ते वहीत उतरवून घेतले. साधनांचे काय करायचे, हे त्यांनी अर्थातच दुसऱ्या दिवशी गुलाबभाऊंना विचारले.

व्याख्यानानंतर खुर्च्या एकात एक रचताना गुलाबभाऊंनी मला विचारले, "सर, ते नऊ हिस्से रायते कुठं मंग?"

ही बोलण्याची पद्धत असते, असे काहीतरी मी सांगितले.

"तसं नाई," ते म्हणाले. "असंन तं काढून पाह्यलं पायजे. पडून पडून सामान खराब होते."

स्टोअरची किल्ली तेव्हा बारा वर्षे त्यांच्या कमरेला होती. सामान पडून खराब होणे यापेक्षा वाईट गोष्ट त्यांना माहीत नव्हती. त्यांनी मनातल्या मनात हिशेब करून पाहिला असावा. एवढ्या वर्षांत त्यांनी अकराचे केले, तेराचे केले, क्वचित एकोणीसचेही केले. वीसपैकी वीसचे काम एकदाही केले नव्हते. तसे गिऱ्हाईकच आले नव्हते.

पुढच्या वर्षी ते आले. गुलाबभाऊंची मुलगी नंदिनी बारावीला चांगले गुण मिळवून आमच्याच विद्यालयात दाखल झाली. प्रवेशाच्या दिवसापासून गुलाबभाऊ सामान जमवू लागले. काळ्या जमिनीतले जाड धांडे, आईस्क्रीमच्या काड्या, घोटीव कागद, न्हाव्याकडचा फुटका आरसा. सगळे एका पोत्यात भरून त्यांनी पलंगाखाली ठेवले. नंदिनीला टॉपिक मिळाला गावाचा पाणीपुरवठा. ते मुद्दाम मला सांगायला आले. आता समोरच्याची लायकी पाहायची गरज नाही, म्हणाले, खाली ताकसांडे लिहायचे आहे. एवढे हसरे मी त्यांना पगाराच्या दिवशीही पाहिले नव्हते.

डेपोमागच्या त्यांच्या घरी त्याच संध्याकाळी काय झाले ते मला त्यांच्या पत्नी मीराबाईंकडून कळले. गुलाबभाऊंनी पोते बाहेर ओढले. नंदिनीने ते पुन्हा आत सरकवले.

"बाबा, तुमी केलं तं वीसपैकी वीस भेटतीन," ती म्हणाली. "पण उद्या मी शिकवाले उभी राहीन, तवा पोट्टे इचारतीन, मॅडम, हे कसं केलं? मंग मी काय तुमाले बलावू?"

गुलाबभाऊ भिंतीकडे तोंड करून बसले. मीराबाईंना नवऱ्याची समजूत काढण्याची सवय नव्हती. त्या म्हणाल्या, "दुनियेच्या लेकरायचं करून हात नाई थकले तुमचे. एका पोरीनं नाई म्हटलं तं तोंड काऊन पाडता?"

पुढचे दहा दिवस नंदिनी कापत आणि चिकटवत होती आणि गुलाबभाऊ हात मांडीखाली दाबून शेजारी बसले होते. ते दोनदा न राहवून उठले. दोन्ही वेळा मीराबाईंनी त्यांना भाजी आणायला पाठवले. दुसऱ्या वेळी घरात भाजी होती. शेवटी टाकी उभी राहिली ती पूर्वेकडे कलून, आणि पाणी नळापर्यंत पोचायच्या आधी वाटेतच एका सांध्यातून गळू लागले. परीक्षकांनी अकरा गुण दिले आणि हे काम संस्थेच्या परंपरेला साजेसे नाही, असा शेरा लिहिला. नंदिनी तो वाचून हसली. ते साधन घेऊन ती एका प्राथमिक शाळेत सराव पाठाला गेली. तिथे एका पोराने पाणी गळते ते दाखवले. तिने सांधा सोडवला, त्याच्याच हाताने पुन्हा बसवून घेतला आणि धडा त्यावरच संपवला. तो पाठ पाहायला मी मागे बसलो होतो. चौदा वर्षांत आमच्या कुठल्याही साधनाला पोरांनी हात लावलेला मी प्रथमच पाहिला.

घरी आल्यावर तिने ते पोते स्वतःच बाहेर काढले आणि बापापुढे ठेवले. सामान खराब होईल, आता तुमी करा, म्हणाली.

"टॉपिक काय?" गुलाबभाऊंनी विचारले.

"टॉपिक नाई. कोणासाठी नाई. तुमाले वाटते ते करा."

तिथे गुलाबभाऊ अडकले ते सहा महिने. कुणीही नाव आणि टॉपिक सांगितला की झोपेतही काम करू शकणारा हा माणूस पोत्यापुढे बसे आणि उठे. एकदा ते माझ्याकडे आले. एखादा टॉपिक द्या ना सर, म्हणाले, लहानसा का होईना. अभ्यासक्रमाचे पुस्तक माझ्यापुढे उघडेच होते आणि त्यात शंभर टॉपिक होते. मी ते मिटले. ते रागावून गेले आणि दोन दिवस मला गार चहा मिळाला.

या काळात व्हरांड्यातली रांगही मोडली. "माह्यंच होऊन नाई राह्यलं, तुमचं काय करू?" असे ऐकल्यावर मुलांनी नाइलाजाने कात्र्या विकत घेतल्या. पहिल्या सत्राच्या प्रदर्शनात दोन पवनचक्क्या उलट्या फिरल्या आणि एका सूर्यमालेत पृथ्वी नव्हती. प्रभाकररावांनी विद्यार्थ्यांमधील कल्पकतेच्या घसरणीबाबत एक सूचना काढली. ती वर्गावर्गांत फिरवून सह्या घेण्याचे काम गुलाबभाऊंनी केले.

दिवाळीच्या सुट्टीत विद्यालय बंद होते, पण किल्ली त्यांच्याकडे होती. सुट्टी संपून आम्ही आलो तेव्हा कार्यालयातल्या मोठ्या टेबलावर काहीतरी गोणपाटाखाली झाकून ठेवलेले होते. गुलाबभाऊ दाराशी उभे होते. नंदिनीने गोणपाट उचलले.

आमचे सभागृह होते ते, परीक्षेच्या दिवशीचे. चाळीस टेबले, प्रत्येकावर नखाएवढे एक साधन, आणि मागे भेंडाचा एक विद्यार्थी. चौदा वर्षांतली चाळीस निवडून घेतली होती. रडणाऱ्या मुलीची पवनचक्की होती, आणि फुंकर घातली की ती फिरत होती. शनीपाशी कललेली सूर्यमाला होती. स्वप्निलच्या ज्वालामुखीवरचे बोटांचे ठसे सुईच्या टोकाने काढले होते. समोर परीक्षक गुण लिहीत होते, शेजारी प्रभाकरराव पोटासकट बसले होते, आणि मी हातात पेन धरून खिडकीबाहेर पाहत होतो. व्याख्यानाच्या दिवशीसारखे सगळ्या विद्यार्थ्यांचे डोळे मिटलेले. एकटी नंदिनी डोळे उघडे ठेवून नळाचा सांधा सोडवत होती. टाकी पूर्वेकडेच कलली होती. माझी वाकडी काऊन ठेवली, असे तिने विचारले. तशीच होती म्हणून, असे तिला सांगण्यात आले.

सवयीने मी काम कुणाचे आहे ते शोधू लागलो. कुठे घाई दिसते का, कुठे हात आखडता घेतला आहे का. साधनांमध्ये खोटा होत्या, ज्याच्या त्याच्या मालकाला शोभतील अशा. ते करणाऱ्या हातात मात्र कुठे खोट नव्हती. खाली त्यांच्याच अक्षरात चिठ्ठी होती. नाव, गुलाब ताकसांडे. विषय, नाही.

प्रभाकरराव बराच वेळ वाकून पाहत राहिले. आपल्या पोटाबद्दल ते काही बोलले नाहीत. मग त्यांनी विचारले, "सगळे आहेत यात. तू कुठे आहेस, गुलाब?"

गुलाबभाऊंनी पुढे येऊन स्वतःही एकदा पाहून घेतले.

"मी चाय आणाले गेलतो, सर," ते म्हणाले.

मग त्यांना वेळेची आठवण झाली असावी. कोपऱ्यातली किटली उचलून ते बाहेर पडले. त्या दिवशी चहा यायला बराच उशीर झाला. कुणीही तक्रार केली नाही. टेबलाभोवतून कुणी हललेच नव्हते.