कुणी हसत नाही ती जागा

तिला सगळे गोचीड म्हणत, आणि हे नाव तिनं कमावलेलं होतं. एखाद्या विषयाला चिकटली की सुटायचीच नाही. सध्या ती एका आपटलेल्या राक्षसपटाला चिकटली होती. त्यातला राक्षस गालिच्याच्या तुकड्यांचा, आणि पोशाखाची पाठीवरची चेन आंधळ्यालाही दिसेल अशी. त्या काळी आठवड्यात थिएटरातून उतरलेल्या या चित्रपटाचा दुपारचा खेळ आता दर महिन्याला भरतो. लोक गालिचे पांघरून येतात, पडद्याच्या आधी संवाद म्हणतात. एक दातांचा डॉक्टर चेन दिसली की शिट्टी मारतो. गोचीड या वेड्यांवर माहितीपट करत होती. पडद्याकडे पाठ, कॅमेरा खुर्च्यांकडे.

घोडं अडलं दिग्दर्शकापाशी. तो म्हातारा हट्टाला पेटला होता: हसण्याचे आवाज काढून टाक, तरच चित्रपटाचे तुकडे वापरू देईन. हसणं काढल्यावर माहितीपटात उरणार काय, कपाळ?

ती पुन्हा त्याच्या दारात उभी राहिली.

"बाबा घरी नाहीत," सून म्हणाली. तेवढ्यात आतून खोकला आला.

"मग खोकतंय कोण?"

सुनेला हसू आवरेना. तिनं दार उघडलं.

"आलीस परत?" म्हातारा कडाडला. "मी शोकांतिका केली होती, शोकांतिका! आणि ती गाढवं खिदळतात."

"खिदळतात. खोटं कशाला सांगू? पण हे बघा."

तिनं लॅपटॉप त्याच्या मांडीवर ठेवला. नुसते प्रेक्षकांचे चेहरे. खिदळणं, ओरडणं, आणि मग एकदम सगळे चिडीचूप. फक्त पडद्यावरच्या ताटांचा आवाज. दुसरा खेळ, दुसरे लोक, पुन्हा तीच शांतता.

म्हाताऱ्यानं आवाज ओळखला. "रिकाम्या घरात राक्षस दोन ताटं मांडतो ते. निर्माता म्हणाला होता, काप. मी पाया पडून वाचवलं." मग त्याचे डोळे बारीक झाले. "तू इथलं हसणं पुसलंयस, पोरी."

गोचीड भडकली. "उद्या दुपारी खेळ आहे, या आणि स्वतःच्या कानांनी ऐका. मी खोटी निघाले तर सगळं चित्रण पुसून टाकते. तुमच्यासमोर."

तो आला. शेवटच्या रांगेत, टोपी नाकापर्यंत ओढून. पहिल्या हशालाच तो उठायला लागला. तिनं एका हातानं कॅमेरा सांभाळत दुसऱ्यानं त्याची बाही धरून ठेवली.

मग ताटं आली. सगळं थिएटर गप्प. पडद्यावर राक्षस पाठमोरा वाकला, चेन लखलखली, तरी डॉक्टरनं शिट्टी मारली नाही. त्या शांततेत एकच माणूस फिस्सकन हसला. म्हातारा स्वतः.

"त्या नटाला सांगितलं होतं, पाठ दाखवू नको म्हणून..."

डॉक्टर गर्रकन वळला. "ओ आजोबा! इथे हसायचं नसतं. कळत नाही का?"

"चुकलो, चुकलो," म्हातारा म्हणाला, आणि टोपी काढून सरळ बसला.

बाहेर आल्यावर त्यानं तिच्या हातातून परवानगीचा कागद ओढला आणि भिंतीवर टेकवून सही केली.

"काही कापू नकोस. माझं ते हसणं तेवढं काप."

"नाही कापणार."

"गोचीड कुठली!" म्हातारा म्हणाला. कागद मात्र परत मागितला नाही.