मायनं शूटिंग अडवलं

सिनेमाचे सेट लावण्यात आणि माणसं जमवण्यात माझी हयात गेली. पण या लाइनीतली पहिली नोकरी माझ्या सख्ख्या मायनं घालवली होती, आणि मी तिचीच बाजू घेतली होती. कोणाला मूर्खपणा वाटला तर वाटो.

वऱ्हाड तेव्हा सी.पी.त, म्हणजे इंग्रजांच्या मध्य प्रांतात होतं. पुण्याची एक सिनेमा कंपनी अमरावतीला आली आणि मी तिच्यात बंदोबस्ताच्या कामाला लागलो. आम्ही भाजीपाला पिकवणारे, विकणारे. पोरगा मळा सोडून नाचेगाणेवाल्यांच्या मागं लागला म्हणून माय माझ्याशी धड बोलत नव्हती. नांदगाव पेठेजवळ बाजाराचा सीन ठरला तेव्हा मात्र मी तिच्याकडंच गेलो. भाड्याची माणसं बसवून खोटा बाजार मांडायचा नाही, हा माझा हट्ट. कुरकुर करत का होईना, ती पंधरा-वीस भाजीवाल्यांना घेऊन सकाळीच हजर झाली. पालं, टोपल्या, तराजू मी मनासारखे लावले आणि कॅमेऱ्यासमोर मायला वांगी घेऊन बसवलं.

सीन सोपा होता. नायिकेनं भाव विचारायचा, महाग म्हणायचं आणि निघून जायचं. पण बोहनीचं, म्हणजे दिवसाचं पहिलं गिऱ्हाईक रिकाम्या हातानं जाऊ द्यायचं नाही, ही आमच्या बाजाराची रीत. नायिका वळली की माय भाव उतरवायची. पुन्हा घेतलं, पुन्हा तेच. तिसऱ्यांदा तर तिनं नायिकेचा पदरच धरला. फिल्म वाया चाललेली, दिग्दर्शक लालबुंद.

मी त्यांना सांगितलं, आधी कोणीतरी खरोखर वांगी विकत घ्या, मग ती कोणालाही खुशाल जाऊ देईल. मी घरचा, माझी बोहनी चालत नाही. तर त्यांनी सगळ्यांना बजावलं की खिशात कोणी हात घालायचा नाही, कंपनी भाजीवालीपुढं वाकणार नाही. मग माझ्याकडं वळून म्हणाले, "तिला समजाव, नाहीतर तूही चालता हो."

मायनं ते ऐकलं. तिनं नुसती मान हलवली असती तरी भागलं असतं. पण ती मलाच म्हणाली, "मले उद्या बी बाजारात बसाचं हाय. तुही नोकरी जाते त जाऊ दे."

खोटं कशाला बोलू, अस्सा संताप आला मला! पण खरा बाजार पाहिजे म्हणून तिला बोलावणारा मीच होतो. आता तिला खोटं वागायला कोणत्या तोंडानं सांगू? "ती बरोबर बोलून राहिली," मी दिग्दर्शकांना म्हणालो, "मी चाललो." हातातली सामानाची यादी पेटीवर ठेवली आणि रस्त्याकडं निघालो.

मागं बायांनी टोपल्या आवरायला घेतल्या. तो गलका ऐकून मी थांबलो. ऊन चढत होतं, आणि दिवस फुकट गेला तर दिग्दर्शकांनाच मालकांना तोंड द्यावं लागणार होतं. शेवटी दिग्दर्शक स्वतः मायपुढं आले आणि अर्धा शेर वांगी मागितली. मायनं पैसे कपाळाला लावले, वांगी तोलली, वर दोन जास्तीची टाकली. चला, आता सुरू करू या, असं ते म्हणाले. बाकीच्या बाया बसल्या. माय उभीच.

"थांबा साहेब," ती म्हणाली. "हा बाजार माह्या पोरानं मांडला. तो सांगन, तवाच मी बसीन."