वन्संचं ताट

ये गं ऋचा, अशी जवळ बस. कागदावरच का होईना, पण बस, आणि तो मोबाइल आधी पालथा ठेव. माझ्या नातवाशी लग्न होऊन तुला वर्ष होत आलं आणि नाशिकचं घर अजून पाहिलं नाहीस? फोनवर "आजी, बऱ्या आहात ना?" विचारतेस आणि मी हो म्हणायच्या आत ठेवूनही देतेस. ही काय रीत झाली? परवा मात्र एक बरं केलंस. ओंकारच्या मुंजीच्या फोटोत मांडीवर स्टीलचं ताट घेऊन बसलेल्या त्या बाई कोण, म्हणून विचारलंस. त्या ताटात जेवण नाही, नटबोल्ट आहेत, हेही तुझ्या नजरेतून सुटलं नाही. फोनवर सांगण्यासारखं नव्हतं, म्हणून लिहितेय.

त्या माझ्या नणंद, कमलवन्सं. यांच्या थोरल्या बहीण. लग्न केलं नाही. पिंपळगावला एका कोल्ड स्टोरेजच्या ऑफिसात नोकरी करायच्या, रोज एसटीने जायच्या-यायच्या. तिथं मशीन बंद पडलं की मेस्तरी यायचा आणि या शेजारी उभ्या राहून बघायच्या. नुसतं बघून बघून त्यांना खोलायची चटक लागली. घरातला मिक्सर खोलला, पंखा खोलला, यांचं घड्याळ खोललं. घड्याळ काही पुन्हा चालू झालं नाही. हे चिडले, तर वन्सं म्हणाल्या, "असं कसं? दिवसातून दोनदा बरोबर वेळ दाखवतंय की."

त्यांची एक पद्धत होती. काहीही खोलायचं झालं की आधी स्वयंपाकघरातून ताट मागायच्या. काढलेला पहिला स्क्रू मिठाच्या जागी. मग डावीकडे लिंबू, चटणी, कोशिंबीर, उजवीकडे भाजी-आमटी, अशा ओळीने एकेक भाग मांडत जायच्या आणि सगळ्यात आतला मुख्य भाग मधे, भाताच्या जागी. बसवताना भातापासून सुरुवात करून उलटं मिठापर्यंत यायचं. मी एकदा वॉशर खाली फरशीवर ठेवला, तर केवढ्या ओरडल्या! "शांते, ताटाबाहेर वाढलेलं जेवतेस का तू?" आणि नट निघत नाही म्हणून मी जोर लावला की, "हळू गं. तो काय तुझा जावई आहे, ओढून पंगतीला बसवायला?"

चुकायच्याही खूप. एकदा नळ खोलायच्या आधी गच्चीवर जाऊन आमच्या फ्लॅटचा कॉक बंद केला म्हणे. बंद झाला खालच्या जोशीकाकांचा. इकडे आमच्या नळातून कारंजं उडालं, तिकडे काका अंगभर साबण लावून जिन्यात आले. "अहो कमलताई, पाणी!" वन्सं ओल्याचिंब, पण आवाज तोच. "उटणं लावलंय समजा, काका. वाळू द्या जरा." त्यानंतर आमच्या कॉकला त्यांनी माझ्या हिरव्या खणाची चिंधी बांधली. नवा होता गं तो खण, ओटीत आलेला. मला विचारलंसुद्धा नाही.

हे गेल्यावर घरात आम्ही दोघीच उरलो. भांडायचो, चहा प्यायचो, परत भांडायचो. तुमचं लग्न ठरायच्या आधीच्या पावसाळ्यात एका दुपारी मी चहाला हाक मारली आणि त्यांनी ओ दिली नाही. झोपेतच गेल्या होत्या. माणसं आली, सगळं झालं. मी आल्यागेल्याला पाणी विचारत होते. सगळ्या बायका माझ्या तोंडाकडे बघायच्या, ही आता रडेल, मग रडेल. मला काही आलंच नाही. अजूनही आलेलं नाही. हातपाय चालतात, मी जेवते, मालिका बघते. पण इंजेक्शन दिल्यावर दाढ असते ना, आहे हे कळतं, आपली वाटत नाही, तसं चाललंय.

त्यातच न्हाणीघरातला शॉवर गळायला लागला. आमचा तो एका दांड्याचा, डावीकडे फिरवला की गरम, उजवीकडे गार. बंद केला तरी टपटप, आणि गरम म्हणावं तर धड गरम नाही. मी खाली बादली ठेवली. भरली की ओतायची. आंघोळीला गॅसवर पातेलं तापवायचं आणि उचलून न्यायचं. दुरुस्त करावं असं मनातही आलं नाही.

या थंडीत ते पातेलं हातातून निसटलं. पायावर जरासंच उडालं, फोड आला. तेवढंही मी विजूला, म्हणजे तुझ्या सासऱ्यांना, सांगायला नको होतं. तो लगेच म्हणाला, "आई, बास झालं आता. आज पाय झाला, उद्या गॅस होईल. रविवारी येतो, बॅग भरून ठेव. पुण्याला आमच्याजवळ राहा. फ्लॅटचं मग बघू." त्याने फोनवरूनच एक प्लंबर पाठवला. तो पोरगा भिंतीकडे बघूनच म्हणाला, "मावशी, हे मॉडेल जुनं झालं. टाइल फोडून सगळंच नवीन बसवावं लागेल." मी विजूला सांगितलं, तर तो म्हणाला, "मग कशाला फोडायचं? तसंही घर बंदच ठेवायचंय."

घर बंद ठेवायचं, असं तो म्हणाला, आणि मला त्याचंही काही वाटेना. तेव्हा मात्र मी घाबरले. आता बॅग भरून मी निमूट गाडीत जाऊन बसेन, हे मला दिसायला लागलं.

मी उठले आणि ताट काढलं.

गच्चीवर जाऊन चिंधीचा कॉक बंद केला. दांड्यावरचं लाल-निळं बटण सुरीने उचकटलं, आतला स्क्रू काढून मिठाच्या जागी ठेवला. दांडा लिंबाच्या जागी. वरची टोपी क्षारांनी घट्ट बसलेली, तिला लिंबू पिळलेलं फडकं गुंडाळून ठेवलं. मी तोवर वरण-भात खाऊन आले. मग निघाली. खालचा नट पान्याने फिरवला. जोर लावला नाही. शेवटी आतून पांढरं, बोटभर उंचीचं कार्ट्रिज बाहेर आलं. गरम-गार पाणी मिसळणारा आणि बंद करणारा भाग तो हाच. त्याच्या आतल्या चकत्या झिजल्या की नळ गळतो.

ते रुमालात बांधून रविवार कारंजा चौकातल्या नळांच्या दुकानात गेले. दुकानदाराने काउंटरवर जुन्याशेजारी नवं उभं करून बघितलं. दुसरं लावलं, तिसरं जुळलं. "मिळालं, आजी. बसवायला माणूस पाठवू का?"

"नको. माणूस आहे आमच्या घरात," मी म्हणाले.

तोंडातून निघूनच गेलं गं. रिक्षात बसल्यावर लक्षात आलं मी काय बोलले ते. म्हटलं, आता येईल रडू. नाही आलं. रिक्षावाला विचारत होता, डावीकडे घेऊ की सरळ?

घरी येऊन नवं कार्ट्रिज भाताच्या जागी ठेवलं, तिथून उचलून भिंतीत बसवलं आणि ओळीने मिठापर्यंत आले. कॉक उघडला. टपटप बंद. मी स्टुलावर बसून वाट बघितली, पण थेंब पडला नाही. मग दांडा डावीकडे फिरवला तर गारढोण पाणी! उजवीकडे फिरवला तर वाफा. मग उजेड पडला. भाताच्या मुदीला पुढचं-मागचं नसतं. ह्याला होतं. मी ते अर्धं फिरवून, पाठमोरं बसवलं होतं.

पुन्हा खोलायला अंगात त्राण नव्हतं. तसंच ठेवलं.

रविवारी विजू आला. बॅग कुठाय, म्हणाला. मी म्हटलं, आधी आंघोळ कर, प्रवासातून आलायस. आत गेला आणि ओरडलाच, "आई गं! बर्फ आहे हे!"

"उजवीकडे फिरव," मी बाहेरून म्हणाले.

बराच वेळ पाणी वाहत राहिलं. बाहेर आला तो डोकं पुसत. "कोणी बसवलं?"

"मी."

"उलटं बसवलंयस."

"हो, पण गळत नाही."

तो पाटावर बसला. दोनदा आमटी वाढून घेतली. बॅगेचं नाव काढलं नाही, मीही काढलं नाही. निघताना चपला घालता घालता म्हणाला, "पुढच्या महिन्यात येईन तेव्हा सुलट करून देतो. तोवर त्या पातेल्याला हात लावू नकोस."

तर अशा होत्या आमच्या वन्सं. रडू अजून आलेलं नाही, येईल तेव्हा येईल. तू मात्र ये. ओंकारला सुट्टी नसेल तर एकटी ये, शिवनेरीत बसवून दे म्हणावं. द्राक्षं गोड व्हायला लागलीत आणि माझ्याशी भांडायला घरात कोणी नाही. आंघोळीला गेलीस की दांडा उजवीकडे फिरव हं. विसरलीस तर हाक मार, मी दाराशीच असेन. पण ये लवकर.