आप्पांचा पॉज

निलंग्याच्या आप्पांनी दुकानात गिऱ्हाइकाला "बसा" म्हटलं, की समोरच्या हॉटेलात उभी असलेली दोन माणसंही बसायची. आवाजच तसा. धंदा कापडाचा, पण वीस वर्षं यात्रेच्या नाटकात बाप, पाटील, राजा, सगळी मोठी कामं त्यांचीच. मी शाळेत मास्तर आणि नाटकात प्रॉम्प्टर, म्हणजे विंगेत पुस्तक धरून बसणारा. गावातलं सगळ्यात बिनकामाचं काम, कारण आप्पा कधी विसरायचेच नाहीत. त्यांचा सगळा तोरा त्यावरच होता.

फक्त रंगात आले की ते मध्येच थांबायचे. मांडव चिडीचूप व्हायचा आणि मी घाबरून पुढचं वाक्य पुटपुटायचो. पडदा पडला की आप्पा कान धरायचे, अर्थातच माझा. "गुर्जी, मी थांबलो म्हंजे विसरलो न्हाई. पॉज हाय त्यो! लोकाला जरा रडू द्या की."

मग सिनेमा आला. पुण्याच्या एका तरुण दिग्दर्शकाला नाटकातले आप्पा आवडले आणि त्यांना एक प्रसंग मिळाला. शिकायला निघालेल्या लेकीला बाप एसटीत बसवतो आणि गाडी हलताना म्हणतो, "पोचलीस की फोन कर, बाई." एवढंच वाक्य. आप्पांनी ते महिनाभर घोटलं. मापाची पट्टी हातात धरून गिऱ्हाइकाला म्हणायचे, "पोचलीस की फोन कर." बाया हसत "करते की, आप्पा" म्हणून जायच्या.

शूटिंगला मला सोबत नेलं. मी रसवंतीच्या आडोशाला उभा. गाडी हलली. आप्पा खिडकीकडे बघत राहिले, डोळे भरले, ओठ थरथरले आणि ते थांबले. वीस वर्षांची सवय, मी रसवंतीमागून खणखणीत ओरडलो, "पोचलीस की फोन कर!"

"कट!"

नंतर दोनदा घेतलं, पण आप्पांच्या डोळ्यांत पाणी येईना. भाड्याची गाडी परत जायची होती. दिग्दर्शकाने पहिलाच तुकडा ठेवला, माझ्या ओरडण्याच्या आधीपर्यंतचा.

सिनेमा लागला तेव्हा अर्धं निलंगा लातूरच्या टॉकीजला. पडद्यावर आप्पांचा चेहरा आला, भरलेले डोळे दिसले आणि गाडी निघून गेली. मागून आवाज आला, "आप्पा, डायलॉग कुठाय वो?"

मी खुर्चीत खाली सरकलो. आप्पा उभे राहिले. "विसरलो," म्हणाले.

बाहेर मी हात जोडले. "आप्पा, मी सांगतो सगळ्याला."

"गप बसा. नट विसरला तर लोक चार दिवस हसत्यात. विंगेतला माणूस असा वरडला म्हणून कळलं, तर तुमाला पुन्हा विंगेत कोण घ्येईल? आन् मला दुसरा कुणी चालायचा न्हाई."

मी गप्प बसलो. ते काम मला नेमकं जमलं. पुढच्या यात्रेत कमिटीने राजाचं काम दुसऱ्याला दिलं. "आप्पांचं वय झालं, विसरायलेत." आप्पांना द्वारपाल दिला, दोन वाक्यांचा. त्यांनी भाला उचलला आणि दाराशी उभे राहिले. मी विंगेत पुस्तक धरून बसलो होतो. अक्षरं दिसत नव्हती.

गेल्या वर्षी आप्पा लिंगैक्य झाले. शोकसभेत एकजण प्रेमानेच म्हणाला, "एवढा मोठा नट, सिनेमात एकच वाक्य, तेच विसरला बघा." मला राहवेना. उठलो आणि सगळं सांगून टाकलं, रसवंतीसकट. आवाज फाटला, पण एक शब्द गाळला नाही. जन्मभर माझ्याच तोंडून तिखटमीठ लावलेल्या माझ्या फजित्या ऐकलेलं ते गाव डोळे पुसत पुसत हसायला लागलं.

मी खाली बसलो. शेजारच्या म्हाताऱ्याने माझ्या पाठीवर थाप मारली. "गुर्जी, आप्पांपायी खोटं बोललाव, पर लई झकास बोललाव!"