सदाच्या फिल्मला निवेदन नसायचं

"काका, पुरे करा ओ! आईला बघायला आलोय आम्ही!"

मागल्या रांगेतून सुलभा ओरडली, तेव्हा मी व्यासपीठावरून सदाला नुकताच बर्फाच्या टाकीत पाडला होता. सदा म्हणजे माझा बालमित्र, कामगारांवर माहितीपट काढण्यात ज्याची हयात गेली. महिन्यापूर्वी तोही गेला. त्याच्या शोकसभेत मी रंगवून सांगत होतो, मिरजोळ्याच्या कोळंबीच्या कारखान्यात शूटिंग करताना हा टाकीत पडला, गोठला, कोळंबीबरोबर खोक्यात भरला गेला आणि जपानला जाता जाता वाचला... लोक हसत होते. हसणारं माणूस दिसलं की मी आंबा घाटात ब्रेक गेलेल्या ट्रकसारखा सुटतो. सुलभाला हातानेच 'थांब गो' केलं आणि पुढची थाप सुरू केली.

खरं म्हणजे टाकीबिकी काही नाही. कोळंबी सोलणाऱ्या बायकांबरोबर दिवसभर गार पाण्यात उभं राहून त्याला सर्दी झाली होती, एवढंच. बंद पडत आलेला कौलांचा कारखाना असो की होड्या बांधणारे सुतार, कॅमेरा काढायच्या आधी हा कित्येक दिवस नुसता त्यांच्यात जाऊन बसायचा. आणि एकाही फिल्मला निवेदन नाही. कौलांच्या वेळी मी म्हटलं, माझा आवाज घे, भाट्याच्या पुलावरून मी हाक मारली तर पावसची गुरं बुजतात. कानावरचा हेडफोन न काढता म्हणाला, "माणूस काम करत असताना वरून आपण बोलू नये रे. मेल्या, तू गाडीत बस." बसलो, काचा वर करून. तरी माझं खोकणं एका दृश्यात आलंच.

कोळंबीची फिल्म त्याची शेवटची. तिच्यात सुलभाची आई आहे. शूटिंगनंतर ती बाई वारली, फिल्म पुरी झाली नि सदा गेला. फिल्म पहिल्यांदा लागणार होती ती ह्या सभेत. आईचं हलतं-बोलतं असं सुलभापाशी दुसरं काही नाही. हे मला ठाऊक होतं, तिला बोलावलंही मीच होतं. ती त्याच कारखान्यात लागलीय आता, कंपनीची रात्रपाळीची बस काही कोणासाठी थांबत नाही... माझं भाषण टाळ्यांत संपलं, दिवे मालवले. पडद्यावर तिची आई शेजारणीच्या कानात काहीतरी बोलून खुदकन हसली. मी मागे पाहिलं. सुलभाची खुर्ची रिकामी होती.

दुसऱ्या दिवशी सदाच्या घरी गेलो. वहिनींनी फिल्मचा पेनड्राइव्ह हातात दिला. खुंटीवर त्याचा हेडफोन लटकत होता. तो क्षणभर कानाला लावून पाहिला नि परत टांगला.

तिथून सुलभाकडे. ती ओटीवर वेणी घालत होती. खोड जाते थोडीच, मी म्हटलं, "लॅपटॉप आणलाय गो. बसून दाखवतो, कुठे काय कसं झालं ते सांगतो."

"ठेवून जा," ती म्हणाली. "तुम्ही थांबू नका."