धुक्यातून परत येणारा चेंडू

माझ्या धंद्यातल्या भागीदाराने मला फसवलं, आणि तेही आमचा कोच मरणाच्या दारात असताना. इथे कतारमध्ये, दोहा शहरात, हिवाळ्यातल्या सकाळी धुकं पडलं की मला इंडस्ट्रियल एरियातलं ते मैदान आठवतं. आमच्या वर्कशॉपच्या फुटबॉल टीमचा कोच म्हणजे एक म्हातारा अमेरिकन. तरुणपणी तो पगारी बेसबॉल खेळायचा, चेंडू फेकणारा म्हणून. त्याला कामावर घेताना मी पगारावरून तासभर घासाघीस केली होती, आणि तिथूनच आमची दोस्ती जमली. त्या शुक्रवारी मॅच सुरू झाली तरी तो दिसेना. "वाटेत आहे," भागीदार म्हणाला. मैदानाची पलीकडची कड धुक्यात बुडाली होती. चेंडू तिकडे बाहेर गेला की लगेच परत यायचा, हाताने फेकलेला, सरळ रेषेत, नेमका आमच्याच खेळाडूच्या छातीवर. "कोच आ गया, सेठ," आमची पोरं हसली. माझं डोकं फिरलं. कडेला जाऊन मी धुक्यात ओरडलो, "यल्ला, चल कोच, लपतोस काय? समोर ये." धुक्यातून चेंडू आला, थेट माझ्या हातात. तळवे झिणझिणले. चेंडू बर्फासारखा गार होता. धुकं विरलं तेव्हा पलीकडे गोदामाची भिंत होती, आणि ओल्या वाळूवर पावलाची एकही खूण नव्हती. तेव्हा कुठे भागीदार खाली मान घालून म्हणाला, "कोच पहाटे गेला रे. रात्री हॉस्पिटलमधून त्याने स्वतः फोन केला होता, तुला बोलावत होता. म्हटलं, मॅच होऊन जाऊ दे." मी त्याची कॉलर धरली, लोकांनी सोडवलं. आता आमचे धंदे वेगळे आहेत, शहरातल्या अल सद्द भागात मी दिसलो की तो रस्ता बदलतो. खुशाल बदलू दे. पण त्या फोनवर कोच माझ्यासाठी काय म्हणाला, ते त्याने एकदा माझ्यासमोर उभं राहून सांगावं.